डाव्या पाट्याचा आवाज

आमच्या घरात सगळे ओरडून बोलायचे. नवा माणूस अंगणात आला की त्याला वाटायचं आत भांडण पेटलंय, आणि तो तिथंच घुटमळायचा. मग आई आतून त्याहून वरच्या पट्टीत त्याला बसायला सांगायची आणि चहाचं आधण ठेवायची. आबा वीस वर्षं फौजेत होते, तोफांच्या आणि ट्रकांच्या वर्कशॉपात मेकॅनिक. हवालदार होऊन पेन्शनीवर पलूसला परत आले तेव्हा त्यांचा उजवा कान पुरता गेला होता आणि डावा थोडासा उरला होता. पण हे घरात कुणी बोलून दाखवायचं नव्हतं. आबांनी कधी मला ऐकू येत नाही असं म्हटलं नाही. आम्हीच तोंडातल्या तोंडात पुटपुटतो, असं त्यांचं म्हणणं होतं. मग आई, मी आणि माझा धाकटा भाऊ, तिघंही हळूहळू मोठ्यानं बोलायला शिकलो. ती सवय मला अजून आहे. परवा सुनेनं हसत विचारलं, फोन कशाला लागतो तुम्हाला, नुसतं गच्चीवर उभं राहून बोललात तरी पुण्याला पोचेल.

आबा जेवायला कधी हाकेनं येत नसत, वासानं येत. आई चुलीवर हुलग्याचं माडगं घाटायला लागली किंवा खर्ड्याच्या मिरच्या तव्यावर पडल्या की हातातला पाना ठेवून ते थेट पाटावर येऊन बसायचे. भाकरी थापल्याचा आवाज त्यांच्यापर्यंत पोचत नव्हता, हे आईला कळायचं. पण ती रोज तितक्याच जोरात थापायची. आमच्या शेजारच्या काकू म्हणायच्या, काय बाई परात फोडतीस का. आई नुसती हसायची.

मी तेव्हा एकोणीस वर्षांची. अकरावी, म्हणजे तेव्हाची मॅट्रिक, झाली होती, पुढं सांगलीच्या कॉलेजात एक वर्ष काढून मी परत आले होते आणि गावातल्या डॉक्टरीणबाईंच्या दवाखान्यात नावं लिहायला, पट्ट्या गुंडाळायला, बाळंतिणींपाशी बसायला जात होते. बाई सांगलीकडच्या जैन घरातल्या. उंच, सडसडीत, बोलणं मोजकं. सूर्य मावळायच्या आत जेवायच्या आणि त्यांच्या स्वयंपाकात कांदा-लसूण नसायचा, त्यामुळं त्यांच्या घरी गेलं की मला सारखं वाटायचं आज काही शिजलंच नाही. आबा त्यांची गाडी चालवायचे आणि सांभाळायचे. ती गाडी बाईंच्या काकांनी मुंबईच्या कुणा परदेशी साहेबाकडून घेतलेली, लहानशी, पिस्त्याच्या रंगाची, बरीच म्हातारी. तिला मागं डिकी नव्हती. मागचं अख्खं दार काचेसकट वर उचललं जायचं. आमच्या भागात तशी दुसरी गाडी नव्हती, म्हणून गावानं तिचं नाव झाकणाची गाडी ठेवलं होतं. मागचं बाक पाडलं की सतरंजी घालून एखाद्या अडलेल्या बाईला आडवं नेता यायचं. त्यासाठीच बाईंनी ती ठेवली होती. आसपासच्या दहा-बारा गावांत त्या गाडीत निजून गेलेल्या बायका आजही असतील.

ऊसतोडीचे दिवस सुरू झाले की आमच्याकडचे रस्ते बघवत नसत. उसाच्या बैलगाड्यांनी चाकोऱ्या पडायच्या, वरून ट्रक जायचे, आणि सगळीकडं गुऱ्हाळाचा गोड धूर. त्या वर्षी त्या रस्त्यांनी गाडीचं मागलं अंग धरलं. आधी बाईंच्या लक्षात आलं की मागं बसलं की फार उसळायला होतं. आबांनी गाडी अंगणात उभी केली, मागच्या डाव्या कोपऱ्यावर दोन्ही हातांनी भार देऊन दाबलं आणि सोडलं. गाडी वर आली, खाली गेली, परत वर आली, परत खाली. मग उजवा कोपरा दाबला. तो एकदा वर येऊन जागच्या जागी थांबला. आबांनी माझ्याकडं बघून दोन बोटं दाखवली, डावा कोपरा दोनदा नाचला म्हणून. शॉकअप गेला, म्हणाले. चाक खड्ड्यात पडलं की पाटा, म्हणजे चाकावरची पोलादी पट्ट्यांची स्प्रिंग, वाकतो, आणि वाकलेला पाटा नाचत सुटू नये म्हणून हा शॉकअप असतो, तो आतून रिकामा झाला की गाडी घोड्यासारखी उड्या मारते, हे त्यांनी मला असं समजावलं की आजही कुठली गाडी रस्त्यावर डुलत चालली की माझ्या तोंडात तो शब्द येतो. सांगलीहून जुन्या बाजारातला एक शॉकअप त्यांनी शोधून आणला, बसवला, आणि कोपरा दाबून बघितला. एकदाच वर आला. आबा खूश झाले.

पण गाडीत आणखी एक आवाज होता. क्लच सोडून गाडी हलली की मागून डावीकडं टक्. ब्रेक दाबला की पुन्हा टक्. मोठा नव्हता, सुपारी फोडल्यासारखा. नवा शॉकअप बसल्यावरही तो तसाच राहिला. मी आबांना सांगितलं. ते म्हणाले, "व्हता की. मला बी येत हुता. आता गेला त्यो."

मी त्यांच्या तोंडाकडं बघत राहिले. कारण ते बोलत होते तेव्हाच गाडी सुरू होती, त्यांनी ती पुढं घेतली, आणि टक् झालं.

दुसऱ्या दिवशी दुपारी आबा जेवून लवंडले होते तेव्हा मी मागचं दार उचलून बाक पाडलं, आत पालथी झोपले, आणि भावाला गाडी नुसती मागं-पुढं ढकलायला सांगितली. कान फळीला लावला. आवाज चाकातून येत नव्हता, शॉकअपमधून तर नाहीच. पाटा जिथं आडव्या दांड्याला, म्हणजे एक्सलला, बांधलेला असतो तिथून येत होता. आबांनीच मला कधीतरी सांगितलं होतं, गाडीची पुढची-मागची चाकं दोन्ही बाजूंना सारख्या अंतरावर आहेत का हे दोरीनं बघायचं असतं. मी आईची शेवग्याच्या शेंगा बांधायची सुतळी घेतली आणि पुढच्या चाकाच्या मधापासून मागच्या चाकाच्या मधापर्यंत धरली, आधी उजवीकडं, मग डावीकडं. डावी बाजू बोटभर जास्त भरली. म्हणजे मागचं डावं चाक जागेवरून सरकलेलं होतं. मी तीनदा मोजलं. तिन्ही वेळा तेच.

संध्याकाळी मी आईला सगळं सांगितलं. आबांना आवाज येत नाही आणि ते येतो म्हणतात, हे मी पहिल्यांदा शब्दांत बोलले, तेही दबक्या आवाजात, आणि आमच्या घरात दबक्या आवाजात बोलणं इतकं नवं होतं की आईनं हातातलं पीठ झटकून दाराकडं बघितलं. मग ती म्हणाली, तू त्यांना परत एकदा सांग, पण बाईंच्या कानावर घालू नको. बाईंना कळलं की गाडी चालवणाऱ्याला ऐकू येत नाही, तर त्या ठेवतील का? आणि गाडी गेली तर हा माणूस दिवसभर करील काय? त्याला दुसरं काही येत नाही गं.

मी आबांना परत सांगितलं. सुतळीचंही सांगितलं. ते म्हणाले, सुतळी ताणली जाते, तिच्यावर काय भरवसा. मग मी गप्प बसले. एकोणीस वर्षांच्या मुलीला बापाला तिसऱ्यांदा खोटं पाडणं जमत नाही, असं मी पुढं कितीतरी वर्षं स्वतःला समजावत आले. आता समजावत नाही. मला माहीत होतं आणि मी पंधरा दिवस गप्प होते, एवढंच खरं आहे.

पंधराव्या दिवशी सकाळी बुर्लीची तारा अडली. पहिलंच बाळंतपण, मूल आडवं. बाईंनी तपासलं आणि तिथल्या तिथं सांगितलं, सांगलीला न्यायचं, ऑपरेशन लागेल. आम्ही तिला मागं सतरंजीवर निजवलं. तिची सासू तिच्या डोक्याशी, मी पायाशी, बाई पुढं आबांच्या शेजारी. वसगडं यायच्या थोडं अलीकडं कॅनॉलच्या कडेनं रस्ता जातो. समोरून उसाची गाडी आली, आबांनी ब्रेक दाबला, आणि या वेळी टक् झालं नाही. मोठी लाकडाची फळी मोडावी तसा कडाड् आवाज झाला आणि गाडीचं मागलं अंग आपोआप डावीकडं, कॅनॉलच्या बाजूला ओढलं गेलं. आबांनी चाक उलटं फिरवून गाडी थांबवली. मागच्या काचेतून मला कॅनॉलचं पाणी अगदी खाली दिसत होतं. तारा ओरडायची थांबली होती. तिनं माझं मनगट धरलं होतं, त्याचे वळ मला चार दिवस होते.

आबा खाली उतरले, वाकून बघितलं, आणि सरळ पाठीवर झोपून गाडीखाली शिरले. उसाची गाडी थांबली होती. तिचा म्हातारा गाडीवान बैल धरून आला. आबा खालून म्हणाले, मेन पाटा तुटलाय, एक्सल मागं सरकलाय, चाक पत्र्याला घासतंय. त्यांनी दोन गोष्टी मागितल्या, एक साखळी आणि एक लाकडाचा ठोकळा. गाडीवानानं उसाला आवळलेली साखळी सोडली, तशी चार मोळ्या रस्त्यावर घसरल्या, आणि बैलगाडीच्या चाकाखाली लावायचं दगडासारखं जड बाभळीचं लाकूड आणून दिलं. आबांनी जॅक लावून गाडी उचलली. मला वाटलं आता ते मला आत तारापाशीच थांबायला सांगतील. पण त्यांनी मला हाक मारली. एकट्याचे हात पुरत नव्हते. मी साडी खोचून आत शिरले. टामी, म्हणजे लोखंडी पहार, घालून आम्ही दोघांनी एक्सल पुढं रेटला, आबांनी साखळी एक्सलला वेढून पुढच्या खुंटाला बांधली, तिच्यात पाना अडकवून पीळ दिला, आणि पीळ सुटू नये म्हणून तो पाना सुतळीनं आवळला. ठोकळा एक्सल आणि गाडीच्या मधे बसवला, म्हणजे गाडी बसणार नाही. माझ्या तोंडावर माती आणि ग्रीस पडत होतं. आबांचा चेहरा माझ्यापासून हातभर अंतरावर होता, आणि ते तुटलेल्या पाट्याकडं बघत होते.

बाहेर आल्यावर त्यांनी हात पुसले नाहीत. पाट्याचा तुटलेला तुकडा त्यांनी उपसून आणला होता. तो त्यांनी बाईंसमोर धरला. तुटलेल्या तोंडाचा अर्धा भाग चांदीसारखा चकचकत होता आणि अर्धा गंजून तांबडा झाला होता.

"बाई, ह्यो तांबडा भाग बघा. ह्यो आज तुटलेला न्हाई," आबा म्हणाले. "लय दिवस चिरत आलाय. बोल्ट ढिलं झालं हुतं, त्येचा आवाज येत असणार. पोरीनं मला दोन डाव सांगितलं. मला ऐकू येत न्हाई, बाई. कवापास्नं येत न्हाई."

हे ते नेहमीसारखं मोठ्यानं बोलले. रस्त्यावर गाडीवान होता, ताराची सासू होती, मागून येऊन थांबलेले दोन सायकलवाले होते. सगळ्यांनी ऐकलं. मी पुढं होऊन सांगायला हवं होतं की मला सगळं माहीत होतं, मीच बाईंना सांगितलं नाही. ते मी तिथं सांगितलं नाही. बाईंनी तुकडा हातात घेऊन बघितला, परत दिला, आणि म्हणाल्या, "गाडी जाईल का, हवालदार?"

"हळू जाईल."

"मग चला."

आम्ही बैलगाडीपेक्षा थोड्या जास्त वेगानं सांगलीला पोचलो. नांद्रे मागं पडेपर्यंत मी फळीला कान लावून होते आणि दर थोड्या वेळानं आबांना ओरडून सांगत होते, ठीक हाय, ठीक हाय. ते दर वेळी मान हलवत. ताराचं ऑपरेशन झालं. मुलगी झाली, अडीच-पावणेतीन किलोची, आणि दोघी वाचल्या. उशीर अजून थोडा झाला असता तर काय, हे बाईंनी आम्हाला सांगितलं नाही, आणि आम्हीही विचारलं नाही.

दुपारी सांगलीच्या त्या दवाखान्याच्या व्हरांड्यात मी बाईंना गाठलं आणि सुतळीसकट सगळं सांगितलं. त्या रागावल्या होत्या, आणि त्यांचा राग थंड असायचा. म्हणाल्या की तुझ्या वडिलांनी चारचौघांत सांगितलं, तू मला एकटीला गाठून सांगतेस, हा फरक लक्षात ठेव. मग आबांना बोलावून त्यांनी निकाल दिला. गाडी दुरुस्त करायची ती हवालदारांनीच, पण यापुढं चालवायची नाही. चालवायला शालन शिकेल, म्हणजे मी. आबांनी हे पहिल्याच खेपेला ऐकलं, कारण बाईंनी त्यांच्या डाव्या कानाशी वाकून स्पष्ट सांगितलं होतं. ते "बरं" म्हणाले आणि बाहेर जाऊन गाडीच्या सावलीत बसले. आईनं घरून बांधून दिलेली भाकरी त्यांनी त्या दिवशी खाल्ली नाही.

दुरुस्तीला आठवडा लागला. इस्लामपूरला ट्रकांचे पाटे करणारा एक जण होता. त्याच्याकडून जुन्या पाट्याच्या मापानं नवा मेन पाटा भट्टीत वाकवून घेतला. आबांनी तो त्याच्याकडून दोनदा परत करून घेतला, कमान उजव्या पाट्याइतकीच हवी म्हणून. घरी आल्यावर त्यांनी मला अंगणात गोणपाटावर बसवलं आणि स्वतः शेजारी उकिडवे बसले. सगळे पाटे मी उतरवले, घासले, मधे ग्रीस लावलं, खालून वर लावले आणि मधला बोल्ट घातला. रबराचे बुश झिजून अंडाकृती झाले होते, तेही बदलले. पाटा एक्सलला बांधणारे यू-बोल्ट आवळायची वेळ आली तेव्हा त्यांनी माझा हात धरून दाखवलं, एक नट पुरता आवळून मग दुसरा नाही, चारी थोडे थोडे आळीपाळीनं. शंभर-दीडशे मैल चालली की परत आवळायचे, कारण नवा पाटा बसतो आणि बोल्ट ढिले पडतात. शॉकअप बसवला तेव्हा हे बोल्ट बघायचे राहिले, म्हणाले. एवढंच. त्या आठवड्यात ते माझ्याशी गाडीखेरीज दुसरं काही बोलले नाहीत, आणि गाडीबद्दल इतकं बोलले जितकं आधीच्या एकोणीस वर्षांत बोलले नव्हते. आई दारातून बघायची. पोरीच्या हाताला ग्रीसचा वास येतो, हिला कोण करून घेणार, असं ती एकदा म्हणाली. आबांना ते ऐकू गेलं नाही, किंवा गेलंही असेल.

शेवटी आम्ही सुतळी धरली. एक टोक त्यांच्याकडं, एक माझ्याकडं. दोन्ही बाजू सारख्या भरल्या.

गाडी चालवायला मी बाजार समितीच्या मोकळ्या मैदानात शिकले. शेजारी बसून आबा शिकवायचे आणि बघायला निम्मं गाव असायचं. मी क्लच झटक्यानं सोडला की ते दात-ओठ खायचे. पहिल्या महिन्यात मी एकदा शेणाच्या उकिरड्यात आणि एकदा लग्नाच्या मांडवाच्या खांबाशी गाडी नेली. पण लायसन मिळालं. त्यानंतर सात वर्षं मी ती गाडी चालवली, लग्न होईपर्यंत, आणि लग्नानंतरही माहेरी आले की.

बाईंनीच त्यांना साताऱ्याच्या एका कानाच्या डॉक्टरांकडं जायला लावलं. मीच घेऊन गेले. डॉक्टरांनी बराच वेळ तपासलं आणि सांगितलं की कानाची नस गेली आहे, उपाय नाही, उरलेलंही हळूहळू जाईल. आबांनी ते माझ्या तोंडाकडं बघून ओळखलं. बाहेर आलो, एका टपरीवर मिसळ खाल्ली, आणि परत निघालो. उंब्रजपर्यंत ते रस्ता बघत होते. कराड सोडलं, शेणोली मागं टाकली, आणि मी सहज बाजूला बघितलं तर आबांची मान छातीवर कलली होती. फौजेत काय, एसटीत काय, हा माणूस चालत्या गाडीत कधी डोळा मिटत नाही, अशी त्यांची ख्याती होती. दुसऱ्याच्या हातात चाक असलं की पायानं ब्रेक दाबत बसायचे. आता त्यांचे दोन्ही पाय सैल पडले होते.

मी वेग कमी केला. खड्डे चुकवत चालवू लागले. कुंडल गेलं, पलूस आलं. आमचं घर रस्त्यालाच होतं, आई अंगणात सुपात काही पाखडत उभी होती. तिनं गाडी ओळखून हात वर केला. मी थांबले नाही. ती हात तसाच धरून बघत राहिलेली मला आरशात दिसली. बांबवडं मागं पडलं, येळावी आली. पेट्रोल बाईंचं होतं आणि मला त्याचा हिशेब द्यावा लागणार होता, पण त्या वेळी ते डोक्यात आलं नाही.

येळावीच्या पुढं आबा जागे झाले. काचेतून त्यांनी डावीकडची द्राक्षांची बाग बघितली, मैलाचा दगड बघितला, आपण कुठं आलो ते ओळखलं. मी मोठ्यानं काहीतरी कारण सांगणार होते. त्यांनी हात वर करून मला थांबवलं.

"आणि जरा जाऊ दे," म्हणाले, आणि पुन्हा डोळे मिटले.

आम्ही तासगावपर्यंत गेलो.